पडद्यावरचा मोती

खलनायकाच्या अंगावर झेप घेणाऱ्या कुत्र्याची शेपूट पडद्यावर सहसा दिसत नाही. दात दिसतात, ताठ मान दिसते, धुळीत लोळणारा माणूस दिसतो. शेपूट मात्र चौकटीबाहेर ठेवतात, कारण ती आनंदानं हलत असते. शिकवलेल्या कुत्र्याला चित्रपटातला हल्ला म्हणजे खेळ. समोरच्या माणसाच्या बाहीखाली जाड कापडाची गुंडाळी बांधलेली असते. ती दातात धरायची, ओढायची, माणूस खाली पडला की सोडायची. मग आपला माणूस पाठ थोपटणार आणि खाऊ देणार, हे त्याला पक्कं ठाऊक असतं. म्हणून छायालेखक कॅमेरा पुढे नेतो, मागचं अंग वगळतो, आणि गुरगुरणं नंतर ध्वनिपट्टीवर चढवलं जातं. जत्रेतल्या सिनेमाच्या तंबूत बसलेल्या पोराला वाटतं, मोती सूड घेतोय.

पडद्यावरच्या कुत्र्याबद्दल लिहायचं तर सुरुवात या शेपटीपासून करायला हवी. कुत्रा सूड घेत नसतो, विरहानं झुरत नसतो, मालकाच्या चितेपाशी रडतही नसतो. तो एका माणसाकडे पाहत असतो. तो माणूस कॅमेऱ्याच्या बाजूला, आपल्याला न दिसणाऱ्या जागी उभा असतो. त्या पाहण्याला संकलक अर्थ देतो आणि उरलेला अर्थ आपण घालतो. यात मला फसवणूक दिसत नाही. एका मुक्या जिवाच्या एकाग्र नजरेतून माणसांनी गोष्ट उभी करावी, ही चित्रपटकलेनं केलेल्या फार सुंदर गोष्टींपैकी एक आहे.

आमच्या माळशिरसकरांना हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. दर आषाढात ज्ञानेश्वर माऊलींची पालखी धर्मपुरीपाशी सोलापूर जिल्ह्यात शिरते, नातेपुत्यात मुक्काम करते आणि दुसऱ्या दिवशी माळशिरसला पोचण्याआधी पुरंदवड्याला पहिलं गोल रिंगण होतं. पुढे खुडूस फाट्यावर दुसरं. रिंगणात दोन अश्व धावतात. एकावर जरीपटका घेतलेला स्वार असतो, दुसऱ्याच्या पाठीवर कुणीच नसतं. तो माऊलींचा अश्व. हे अश्व अंकलीच्या शितोळे सरकारांकडून येतात, बेळगाव जिल्ह्यातून आळंदीपर्यंत पायी. रिंगण संपलं की त्या टापांखालची माती कपाळाला लावायला झुंबड उडते. त्या घोड्याला नट म्हणणं चूक आहे आणि मी ते म्हणत नाही. ती श्रद्धेची बाब आहे. पण लाखभर माणसं रिकामं खोगीर पाहतात आणि एकालाही ते रिकामं दिसत नाही, ही गोष्ट ज्या गावानं वर्षानुवर्षं पाहिली आहे, त्या गावाला जनावर आणि पाहणारा यांच्यामध्ये काय घडतं हे आधीपासून माहीत आहे. चित्रपटाला ते १९०५ साली सापडलं.

त्या वर्षी इंग्लंडमध्ये सेसिल हेपवर्थनं ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’ हा सात मिनिटांहून कमी लांबीचा मूकपट काढला. दिग्दर्शन लुइन फिट्झहॅमनचं. मामला सगळा घरचा होता: गोष्ट हेपवर्थच्या बायकोची, वडिलांच्या भूमिकेत तो स्वतः, आईच्या भूमिकेत ती, बाळ त्यांचंच आणि कुत्राही घरचाच, ब्लेअर नावाचा कोली. भिकारीण बाळ पळवते. कुत्रा खिडकीतून उडी टाकतो, रस्ता पार करतो, नदी पोहून जातो, गरीब वस्तीतली दारं हुंगत माळ्यावर पोचतो, बाळ पाहून परत फिरतो आणि वडिलांना घेऊन पुन्हा त्याच वाटेनं जातो. तोच रस्ता, तीच नदी, तीच दारं. ब्लेअरनं वेगवेगळ्या वेळी वेगवेगळ्या ठिकाणी नुसत्या धावा घेतल्या होत्या. ते तुकडे एका ओळीत जोडल्यावर त्यातून निश्चय दिसू लागला. कुत्र्यानं ठरवलंय, त्याला रस्ता आठवतोय, त्याला घाई आहे, असं सगळं प्रेक्षकाला वाटलं. चित्रपटाच्या प्रतींना इतकी मागणी आली की मूळ निगेटिव्ह झिजली आणि अख्खा चित्रपट पुन्हा चित्रित करावा लागला. एकदा नव्हे, दोनदा. ब्लेअर तिन्ही वेळा धावला.

पुढे रशियात लेव्ह कुलेशॉव्हनं एका नटाचा निर्विकार चेहरा एकदा जेवणाच्या ताटलीला, एकदा शवपेटीला जोडून दाखवला, आणि तोच चेहरा लोकांना कधी भुकेला तर कधी शोकाकुल वाटला. संकलनाच्या प्रत्येक वर्गात हा प्रयोग शिकवतात. मला वाटतं, त्याच्या किती तरी आधी ब्लेअरनं तो करून दाखवला होता, फक्त त्याला कुणी प्रयोग म्हटलं नाही.

अमेरिकेत कुत्र्याची रीतसर कारकीर्द सुरू झाली ती जीन या कोली कुत्रीपासून. तिचा मालक लॅरी ट्रिंबल. १९१०च्या आसपास व्हायटाग्राफ कंपनीच्या मूकपटांतून तिचं नाव झालं. याच ट्रिंबलनं पुढे जर्मनीत पोलिसी शिक्षण घेतलेला एक जर्मन शेफर्ड आणवला, त्याचं नाव स्ट्राँगहार्ट ठेवलं आणि १९२१च्या ‘द सायलेंट कॉल’मधून तो नायक झाला. पण सगळ्यांना पुरून उरला रिन टिन टिन. पहिल्या महायुद्धाच्या शेवटच्या महिन्यांत, सप्टेंबर १९१८मध्ये, फ्रान्समधल्या एका तोफगोळ्यांनी उद्ध्वस्त झालेल्या कुत्राघरात ली डंकन या अमेरिकी सैनिकाला एक कुत्री आणि तिची पिल्लं सापडली. त्यातली दोन पिल्लं त्यानं स्वतःकडे ठेवली. त्या काळी फ्रेंच लोक सैनिकांना शुभशकुनाच्या छोट्या बाहुल्या देत, त्यांच्यावरून नावं ठेवली नॅनेट आणि रिन टिन टिन. नॅनेट वाचली नाही. रिन टिन टिन अमेरिकेला गेला आणि १९२३च्या ‘व्हेअर द नॉर्थ बिगिन्स’पासून वॉर्नर ब्रदर्स या तेव्हा धडपडणाऱ्या कंपनीचा कमावता नट झाला.

डंकनची पद्धत साधी होती. तो कॅमेऱ्याशेजारी उभा राहून कुत्र्याशी सतत बोलत असे. मूकपट असल्यानं कुणाचीच हरकत नव्हती. पडद्यावर रिन टिन टिनच्या डोळ्यांत जो भाव दिसतो तो बहुतेक वेळा डंकनच्या आवाजाला दिलेला प्रतिसाद आहे. मग १९२७ साली ‘द जॅझ सिंगर’ आला, तोही वॉर्नरचाच. ज्या कंपनीनं जगाला बोलपट दिला, तिनंच दोन वर्षांत आपल्या कुत्र्याचा करार संपवला, कारण आता बोलणाऱ्या नटांचे दिवस होते. रिन टिन टिननं पुढे दुसऱ्या एका कंपनीच्या मालिकापटांत काम केलं आणि ऑगस्ट १९३२मध्ये तो वारला.

ध्वनी आल्यावर कुत्र्यांचं शिक्षणच पालटलं. चित्रण चालू असताना ट्रेनरनं तोंड उघडायचं नाही, म्हणजे हाक नाही, चुचकारणं नाही, शाबासकीसुद्धा नाही. हॉलिवुडमध्ये कार्ल स्पिट्झ या ट्रेनरनं हाताच्या खुणांवर कुत्री तयार केली. तळहात वर, तळहात खाली, बोट डावीकडे. त्याच्याकडची टेरी ही छोटी केर्न टेरियर जातीची कुत्री १९३९च्या ‘द विझर्ड ऑफ ऑझ’मध्ये टोटो झाली. आठवड्याला १२५ डॉलर हा तिचा मेहनताना, म्हणजे त्याच चित्रपटात बुटक्या माणसांची कामं करणाऱ्या कित्येक नटांपेक्षा जास्त. ही तफावत वाचताना मला दर वेळी त्या नटांसाठी वाईट वाटतं. टेरीचा त्यात दोष नाही. चित्रणात एका शिपायाचा पाय तिच्या पंजावर पडला आणि तिला बरेच दिवस विश्रांती घ्यावी लागली. चित्रपट गाजल्यावर स्पिट्झनं तिचं नावच टोटो करून टाकलं.

‘लॅसी’ची गोष्ट सगळ्यांना ठाऊक असते, पण लॅसी ही कुत्री नव्हती, पाल नावाचा कुत्रा होता, हे कमी जणांना माहीत असतं. कोली जातीच्या मादीचे केस उन्हाळ्यात गळून विरळ होतात, नराचे दाट राहतात, आणि चित्रण उन्हाळ्यात होतं. म्हणून १९४३च्या ‘लॅसी कम होम’पासून पिढ्यान्‌पिढ्या ती भूमिका नरांनीच केली, तीही पालच्या वंशातल्या. पालला मुळात पुराच्या पाण्यातल्या अवघड दृश्यापुरतंच घेतलं होतं. तो पाण्यातून बाहेर आला, थकून कोसळल्यासारखा पडून राहिला, आणि ते चित्रण पाहून सगळी भूमिकाच त्याच्याकडे आली. ट्रेनर रड वेदरवॅक्सनं पुढे कंपनीकडून येणं असलेल्या पैशांच्या बदल्यात लॅसी या नावाचे हक्क मागून घेतले. माझ्या मते एका कुत्र्याच्या कारकिर्दीत माणसानं घेतलेला हा सर्वांत शहाणा निर्णय होता.

आता मुंबईला येऊ. परळला लवजी कॅसलमध्ये जे. बी. एच. वाडिया आणि होमी वाडिया या भावांची वाडिया मूव्हीटोन ही कंपनी होती, १९३३ साली सुरू झालेली. जागा मराठी वाचकाच्या ओळखीची आहे: १९४२ साली तिथेच व्ही. शांताराम यांनी राजकमल कलामंदिर उभारलं. वाडियांना हाणामारीच्या, घोडदौडीच्या, धावत्या गाडीच्या टपावरच्या चित्रपटांचं वेड होतं. १९३५च्या ‘हंटरवाली’नं मेरी एव्हन्स ही ऑस्ट्रेलियात जन्मलेली मुलगी ‘फियरलेस नादिया’ झाली. नादियाच्या चित्रपटांत तिच्याबरोबर तिचं एक कुटुंबच वावरे: पंजाब का बेटा हा घोडा, गनबोट हा कुत्रा आणि रोल्सरॉइस की बेटी ही मोटारगाडी. वाडियांनी या तिघांना पात्रांचा दर्जा दिला. जाहिरातीत, श्रेयनामावलीत जनावरांची नावं येत. गाडीलाही नाव आणि कुळ देणाऱ्या माणसाला कुत्र्याचं नाव गाळणं सुचलंच नसतं.

१९३७ साली होमी वाडियांनी ‘तूफानी टारझन’ काढला. जॉन कावस टारझन, नायिका गुलशन. जंगलात वाढणाऱ्या टारझनला बोमन श्रॉफ यांनी केलेला ‘दादा’ आणि मोती नावाचा कुत्रा हे दोघे सोबती. परदेशी टारझनजवळ चिंपांझी असतो. मुंबईच्या टारझनजवळ कुत्रा आला. (चिंपांझी होमी वाडियांकडेही आला, पण पुढे, १९५८च्या ‘झिंबो’त.) हा बदल मला फार बोलका वाटतो. आपल्याकडे रानात एकट्या पडलेल्या माणसाजवळ कुत्रा असणारच. दत्ताच्या पायांशी चार कुत्री बसलेली असतात, खंडोबाच्या घोड्यामागे कुत्रा धावतो, धर्मराजाबरोबर शेवटपर्यंत कुत्राच चालतो. कोरडी भाकरी घेऊन पळणाऱ्या कुत्र्यामागे तुपाची वाटी घेऊन धावणारे नामदेव तर पंढरपूरचे, म्हणजे माळशिरसकरांच्या शेजारचे. मोतीला पडद्यावर ओळख करून देण्याची गरजच नव्हती.

आपल्याकडच्या कुत्र्यांच्या अभिनयात एक तांत्रिक गोष्ट दडलेली आहे. सुरुवातीच्या बोलपटांत आवाज जागेवरच घेत असत. नंतरच्या काळात, विशेषतः १९६०नंतर, हिंदी-मराठी चित्रपटांचे बहुतेक संवाद स्टुडिओत नंतर भरले जाऊ लागले. आशुतोष गोवारीकरांच्या २००१च्या ‘लगान’नं जागेवर ध्वनिमुद्रण पुन्हा प्रतिष्ठेचं केलं तोवर हेच चाललं होतं. याचा अर्थ हॉलिवुडचा ट्रेनर मुकाट हातवारे करत असताना आपला ट्रेनर खुशाल ओरडू शकत होता. कॅमेऱ्यामागून कुत्र्याला नावानं हाक मारायची, टाळ्या वाजवायच्या, चुटक्या वाजवायच्या. सगळे आवाज नंतर पुसले जाणार. या दीर्घ काळातल्या हिंदी चित्रपटांत कुत्र्यांची नजर सतत चौकटीच्या कडेला वळलेली दिसते, कान एकदम टवकारतात, मान एका बाजूला कलते, त्यामागे ती पुसलेली हाक आहे. एकदा हे कळलं की जुना चित्रपट पाहताना मी ट्रेनर कुठे उभा असेल ते शोधू लागतो, आणि बऱ्याचदा तो सापडतो.

१९८५चा ‘तेरी मेहरबानियाँ’ या सगळ्याचा कळस. निर्माते के. सी. बोकाडिया, दिग्दर्शक विजय रेड्डी. कन्नडमधल्या आदल्याच वर्षीच्या ‘ताळिय भाग्य’वरून केलेला. जॅकी श्रॉफ, पूनम ढिल्लन, अमरीश पुरी, आणि आपले सदाशिव अमरापूरकर. पण चित्रपट आहे मोतीचा. ती भूमिका ब्राउनी नावाच्या कुत्र्यानं केली. नायकाचा खून होतो आणि उरलेला चित्रपट कुत्रा खांद्यावर घेतो: खुन्यांना एकेक करून गाठतो. ४८ वर्षांपूर्वीच्या टारझनच्या सोबत्याचंच नाव, आणि आता तो सोबती राहिलेला नाही, नायक झालाय. शबीरकुमारांच्या आवाजातलं शीर्षकगीत चालू असताना कुत्र्याला मालकाबरोबरचे दिवस आठवतात. कुत्र्याच्या डोळ्यांचा क्लोजअप आणि त्याला जोडलेली आठवणींची दृश्यं. कुलेशॉव्हचीच जोडणी, फक्त इथे ती तासभर पुरते. समीक्षकांनी या चित्रपटाची टर उडवली आहे आणि आजही उडवतात. मला ते पटत नाही. दोन-अडीच तासांच्या व्यावसायिक चित्रपटाचं ओझं एका अबोल प्राण्याच्या चेहऱ्यावर टाकायला हिंमत लागते, आणि प्रेक्षकानं ते ओझं उचलून धरलं.

कुठल्या प्रेक्षकानं? याचं उत्तर बऱ्याच अंशी तंबूत आहे. सातारा-सोलापूरच्या जत्रांत फिरत्या टॉकीजचे तंबू लागत. आमच्या भागात शिखर शिंगणापूरची चैत्रातली यात्रा, वेळापूरच्या अर्धनारीनटेश्वराची यात्रा, पिलीवच्या महालक्ष्मीची यात्रा आणि तिथला खिलार जनावरांचा बाजार. दिवसा बैलांचे दात पाहून सौदे करायचे आणि रात्री तंबूत भुईवर मांडी घालून बसायचं. मध्ये कापडाचा आडपडदा, एका अंगाला बाया, एका अंगाला बापे, मागे खडखडणारं यंत्र, बाहेर जनरेटरचा धूर. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांच्या २०१६च्या ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ या माहितीपटात महाराष्ट्रातल्या या तंबूंचे शेवटचे दिवस टिपलेले आहेत. यंत्रं दुरुस्त करणारे हात, गंजलेल्या चाकांचे ट्रक, सारं काही. तो कान महोत्सवापर्यंत गेला.

या तंबूतला माणूस जनावराबद्दल अडाणी नव्हता, हे विसरून चालणार नाही. त्यातला निम्मा मेंढपाळ आणि बाकीचा शेतकरी. खिलाराच्या चालीवरून त्याचा स्वभाव सांगणारी ही माणसं. कुत्रं खरं भुंकतंय की लाडानं, हे त्यांना दोन शेतं ओलांडून कळतं. अशा माणसाला पडद्यावरचा कुत्रा खेळतोय हे दिसत नसेल का? दिसतच असणार. तरी तो मोतीसाठी शिट्टी मारत होता, डोळे पुसत होता, कारण घरच्या कुत्र्याला आपल्याबद्दल जे वाटतं अशी त्याची खात्री होती, ते त्याला पहिल्यांदा एवढं मोठं होऊन समोर दिसत होतं.

माणदेशी धनगराचं कुत्रं पाहा. नातेपुते, पिलीव, पुढे म्हसवड, आटपाडी हा सगळा टापू त्याचा. रात्री वाघरीच्या जाळीत मेंढरं कोंडलेली असतात. धनगर जवळच पडलेला असतो आणि कुत्रं जाळीच्या बाहेर, वाऱ्याच्या तोंडाला बसलेलं. लांडग्याचा वास आला की ते आधी भुंकत नाही. आधी मालकाकडे पाहतं. ही नजर कोणी शिकवलेली नसते. कॅमेऱ्याला कुत्र्याकडून हवी असते ती नेमकी हीच: धोका आणि आपला माणूस यांच्यामध्ये हेलकावणारी. हॉलिवुडच्या ट्रेनरला ती घडवायला महिने लागत.

हीच नजर जगातल्या एका थोर चित्रपटाचा शेवट तोलून धरते. व्हित्तोरिओ दे सिकाचा १९५२चा ‘उम्बेर्तो डी’. निवृत्त, कर्जात बुडालेला म्हातारा आणि त्याचा छोटा कुत्रा फ्लाइक. घर गेलंय, कुत्र्याला सांभाळायला कुणी तयार नाही. म्हातारा त्याला छातीशी घट्ट धरून रुळाच्या अडथळ्यापाशी जातो, गाडी येतेय. फ्लाइक कळवळतो, वळवळतो, हातातून सुटून पळतो. गाडी धडधडत निघून जाते. म्हातारा हाका मारतो, पण कुत्रा जवळ येत नाही; झाडाआडून त्याच्याकडे पाहतो आणि मागे सरतो. त्या मागे सरण्यानं काळजात चर्र होतं. मग म्हातारा खाली पडलेलं पाइनचं फळ उचलून खेळायला बोलावतो, कुत्रा अजून साशंक, एक पाऊल पुढे, दोन मागे, आणि शेवटी येतो. घडलं काय असेल? गाडीचा आवाज मोठा होता, कुत्रा भ्यायला. दूरवर ट्रेनरनं त्याला थांबवून धरलं असेल. पण पाहणाऱ्याला एका जिवाचा विश्वास तुटताना आणि जोडला जाताना दिसतो. माणसाचा कुठलाही नट तो प्रसंग याहून चांगला करू शकला नसता, कारण माणूस करतोय हे आपल्याला कळलं असतं.

नव्वदीत कुत्रा शेतातून, जंगलातून दिवाणखान्यात आला. ५ ऑगस्ट १९९४ला ‘हम आपके हैं कौन’ लागला. त्यातला पांढरा, झुपकेदार टफी ही भूमिका रेडो नावाच्या कुत्र्याची. जात भारतीय स्पिट्झ. आपण सरसकट पामेरियन म्हणतो तीच. परदेशी कुत्री आणणं अवघड असण्याच्या त्या काळात मध्यमवर्गीय घरात हाच कुत्रा असे, म्हणून टफी ओळखीचा वाटला. चित्रपट तर जवळजवळ मराठी घरातलाच: माधुरी दीक्षित, रेणुका शहाणे, रीमा लागू, आणि नोकर लल्लूच्या भूमिकेत लक्ष्मीकांत बेर्डे. टफी क्रिकेटच्या सामन्यात अंपायर होतो, हे सगळ्यांना आठवतं. पण त्याचं खरं काम शेवटी आहे. नायिका निशाची चिठ्ठी आणि हार त्याच्याकडे दिलाय तो नायक प्रेमसाठी. कुत्रा कृष्णाच्या मूर्तीपाशी घुटमळतो आणि चिठ्ठी नेऊन पोचवतो प्रेमच्या थोरल्या भावाकडे, राजेशकडे. त्यामुळे चुकीचं लग्न टळतं. एवढ्या मोठ्या खटल्यातली वडीलधारी, शिकलेली, जिवाला जीव देणारी माणसं जे बोलू शकत नाहीत, ते कुत्र्याच्या तोंडून, म्हणजे अक्षरशः तोंडात धरून, मार्गी लागतं. चित्रणानंतर रेडोला माधुरीनं घरी नेलं असं सांगितलं जातं. पुढे गावोगावी टफी नावाचे कुत्रे झाले. अकलूजच्या बंगल्यांतही आणि माळशिरसच्या गल्लीतही.

पण या सगळ्या यादीत एक कुत्रा मला दिसत नाही आणि ते मला खुपतं. सोलापूर, सांगली, मराठवाडा या पट्ट्यातला कारवानी: लांब निमुळतं तोंड, खोल छाती, पोट आत ओढलेलं, पाय वेताच्या काठीसारखे. झुलते केस असतील तर त्याला पश्मी म्हणतात. शेजारच्या मुधोळच्या संस्थानिकांनी याच घराण्यातल्या कुत्र्यांची जोपासना केली, म्हणून मुधोळ हाउंड हे नाव पडलं. २००५च्या जानेवारीत भारतीय टपाल खात्यानं चार देशी कुत्र्यांची तिकिटं काढली, त्यात हिमालयन शीपडॉग, रामपूर हाउंड आणि राजापलायम यांच्याबरोबर मुधोळही होता. म्हणजे तिकिटावर आला. मोठ्या पडद्यावर नायकाच्या बरोबरीनं यायचा आहे. तो माणसाच्या पुढेपुढे करत नाही, अनोळखी हाताला अंग लावत नाही, खाऊसाठी कोलांट्या मारत नाही, ही त्याच्यातली अडचण सांगतात. मी म्हणतो, हीच भूमिका लिहा. अलिप्त, मानी, एकाच माणसाला ओळखणारा कुत्रा. २०२२च्या ‘७७७ चार्ली’ या कन्नड चित्रपटानं कुत्र्याला केंद्रस्थानी ठेवून राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. ज्या मराठी चित्रपटानं ‘टिंग्या’मध्ये बैलाला एवढ्या मायेनं पाहिलं, त्याला कुत्रा जड जायचं कारण नाही.

आज कुणी मराठी निर्मात्यानं तसा चित्रपट करायचं ठरवलं तर त्याला मोकळं रान नाही, आणि ते चांगलंच आहे. १९६०च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याखाली २००१ साली करमणुकीच्या कामातल्या प्राण्यांच्या नोंदणीचे नियम झाले. प्राणी कोणता, त्याचं वय काय, तब्येत कशी, त्याच्याकडून काय करून घेणार, किती वेळ, हे सगळं प्राणी कल्याण मंडळाला आधी कळवावं लागतं. पशुवैद्याचा दाखला लागतो. गुंगीचं औषध देता येत नाही, आगीजवळ किंवा स्फोटाजवळ नेता येत नाही, पाय अडकवून पाडता येत नाही, गाभण वा आजारी जनावर वापरता येत नाही. जुन्या स्टंटपटांतले किती तरी प्रसंग या कसोटीवर टिकणार नाहीत. ब्राउनी किंवा गनबोट यांच्याकडून ते करून घेताना काय घडलं असेल या विचारानं मी काही दृश्यं आता पूर्वीच्या आनंदानं पाहू शकत नाही.

हल्ली मंडळाची परवानगी टाळण्यासाठी संगणकावर तयार केलेला कुत्रा आणतात. त्याची शेपूट सांगाल तशी हलते, नजर सांगाल तिकडे वळते. त्याच्या डोळ्यांत मात्र कॅमेऱ्याशेजारी उभा असलेला कुणी नसतो, आणि ते तंबूतल्या धनगराला पहिल्या मिनिटात कळलं असतं. त्यापेक्षा रीतसर अर्ज करावा, खरा कुत्रा घ्यावा, त्याच्या मालकालाच ट्रेनर म्हणून सोबत ठेवावं, दिवसाला मोजके टेक घ्यावेत. त्या अर्जात मालकाचं नाव आणि प्राण्याची सगळी माहिती भरलेलीच असते. श्रेयनामावलीत प्रकाशयोजना आणि भोजनव्यवस्था यांच्या जवळपास त्याच माहितीतल्या दोन ओळी घालाव्यात: एक कुत्र्याच्या नावाची आणि एक त्याला शिकवणाऱ्याची. वाडियांनी ते नव्वद वर्षांपूर्वी केलं होतं.